शाळेत खेळावरचा सिनेमा दाखवायचाय. कोणता दाखवू, आणि पोरी त्यात एवढ्या गुंततात ते कशामुळे?

रानवारा

नमस्कार मंडळी. मी वाळवा तालुक्यातल्या एका माध्यमिक शाळेत पीटीची बाई आहे. मुलींचा खो-खोचा संघ माझ्याकडे असतो. 15 जानेवारीला खाशाबा जाधवांची जयंती, म्हणजे आपला राज्य क्रीडा दिन. यंदा हेडसर म्हणाले, भाषणं आवरती घेऊ आणि संध्याकाळी हॉलमध्ये मुलांना खेळावरचा एखादा चांगला सिनेमा दाखवू. जबाबदारी माझ्याकडे आली आणि मला ती हवीच होती.

दिवाळीच्या सुट्टीतल्या शिबिरात एका रात्री मी मुलींना लॅपटॉपवर 'चक दे! इंडिया' दाखवला होता. सिनेमा 2007चा, यातल्या एकीचाही तेव्हा जन्म झालेला नव्हता. हॉकी कुणी खेळलेली नाही, आमच्याकडे एक स्टिकसुद्धा नाही. तरी अडीच तास एकही मुलगी जागची हलली नाही. माझ्या संघात दोघी अशा आहेत की एकमेकींना खो द्यायचा टाळतात. दुसरी अगदी हाताशी बसलेली असली तरी एक चौकोन पुढे पळून तिसरीला उठवतात. सिनेमात कोमल आणि प्रीती एकमेकींना पास देईनात, तशा या दोघींनी माना खाली घातल्या. बाकीच्या सगळ्या स्क्रीन सोडून यांच्याकडे बघायला लागल्या. मला काही बोलावंच लागलं नाही.

आता याच मुलींचं दुसरं चित्र सांगते. जानेवारी 2025 मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. प्रियांका इंगळेच्या संघाने अंतिम सामन्यात नेपाळला 78-40 असं हरवलं. आपला खेळ, आपल्या मुली, कर्णधार आपल्या महाराष्ट्राची. मी मोठ्या हौसेने तो सामना पोरींना लावून दिला. टाळ्या वाजवल्या, पण निम्म्या जणी मधेच उठून पाणी प्यायला गेल्या. खरा विजय बघताना उठतात आणि खोटा, आधीच ठाऊक असलेला विजय बघताना श्वास रोखून बसतात. हे असं का होतं, ते मला खरंच समजून घ्यायचंय, कारण सिनेमा निवडतानाही ते उपयोगी पडेल.

दुसरी अडचण साधी आहे. मोबाईलवर ओटीटीचं ॲप लावून प्रोजेक्टरवर टाकायला गेलं की आवाज येतो आणि पडदा काळा राहतो. शिवाय एक सहकारी म्हणतात की असं दाखवणं बेकायदा आहे. खरं काय ते जाणकारांनी सांगावं.

तारजोड

मॅडम, प्रोजेक्टर बिघडलेला नाही. ओटीटीवरचं चित्र कुलूपबंद असतं. मोबाईलचा स्क्रीन जसाच्या तसा दुसरीकडे पाठवला की ॲप चित्र अडवतं आणि आवाज तेवढा सोडतं. शाळेच्या प्रोजेक्टरला जुनं निळं व्हीजीए सॉकेट असेल आणि मधे कन्व्हर्टर लावलेला असेल तरी तेच होईल. एचडीएमआय केबलच्या दोन्ही टोकांची यंत्रं आधी एकमेकांची ओळख पटवून घेतात, त्याला एचडीसीपी म्हणतात. व्हीजीएला ती ओळख देताच येत नाही.

मार्ग असा. एचडीएमआय असलेला प्रोजेक्टर मिळवा, गावात लग्नाची शूटिंग करणाऱ्या कुणाकडे तरी असतोच. त्यात थेट स्ट्रीमिंग स्टिक लावा किंवा लॅपटॉपवरून सरळ केबल जोडा. आधी तुमचा प्लॅन तपासा, कारण स्वस्तातले बरेच प्लॅन फक्त मोबाईलपुरते असतात, टीव्हीवर किंवा लॅपटॉपवर ते चालत नाहीत. मोबाईलवर डाउनलोड करून ठेवलेला सिनेमाही त्याच मोबाईलवर चालतो. आणि शाळेच्या कर्ण्यावर संवाद लावू नका, एक अक्षर कळणार नाही. दोन बॉक्स स्पीकर आणा आणि पडद्याच्या दोन बाजूंना, मुलांच्या डोक्याच्या उंचीला ठेवा.

कायद्याचं म्हणाल तर कॉपीराइट कायद्याच्या 52व्या कलमात शाळांसाठी सवलत आहे. शाळेच्या उपक्रमाचा भाग म्हणून सिनेमा दाखवला, आणि बघणारे फक्त विद्यार्थी, शिक्षक-कर्मचारी, पालक आणि शाळेच्या कामाशी संबंध असलेली माणसं असली, तर तो हक्काचा भंग धरत नाहीत. पण ओटीटीचं सभासदत्व घेताना आपण ज्या अटी मान्य करतो त्यात 'वैयक्तिक वापर' असं लिहिलेलं असतं. ती वेगळी भानगड आहे, कायद्यातल्या सवलतीने ती आपोआप मिटत नाही. म्हणून शाळेच्या लेटरहेडवर निर्मात्या कंपनीला एक मेल टाका आणि लेखी परवानगी मागा. जुन्या सिनेमांच्या डीव्हीडी मिळतात, तो मार्ग सगळ्यात सरळ. आणि शाळेच्या आवारात गाव गोळा करून दाखवायचा विचार असेल तर तो सवलतीत बसत नाही, त्याला रीतसर परवाना लागेल.

केबिनवाला

बाई, तुमच्या पहिल्या प्रश्नावर मला सविस्तर लिहायचंय.

मी आमच्या तालुक्याच्या गावी थिएटरात ऑपरेटर होतो. कार्बनच्या मशीनवर हात बसवला, मग झेनॉनचे दिवे आले, मग रिळं गेली आणि सर्व्हर आला. आता थिएटर बंद आहे, त्या जागी मंगल कार्यालय झालं. ऑपरेटरला पहिल्या दोन-चार खेळांनंतर सिनेमा बघायचा उरत नाही, केबिनच्या काचेतून तो प्रेक्षकांची डोकी बघतो. कुठे दार उघडून लोक विडीला बाहेर जातात, कुठे कॅन्टीनचा पोरगा ट्रे हातात घेऊन दाराशी थबकतो, ते आम्हाला पाठ होतं. दार उघडलं की बाहेरचा उजेड आत येतो आणि वरून लगेच कळतं. सिनेमात कुठे जीव आहे ते मी असं शिकलो.

'लगान' 15 जून 2001 ला लागला, पण आमच्याकडे पेटी आली ती बरीच उशिरा. तेव्हा प्रिंट आधी मुंबई-पुण्याला, मग कोल्हापूर-सांगलीला, तिथे घासून झाली की आमच्यासारख्यांकडे. पावणेचार तासांचा सिनेमा, मालकाला धास्ती होती की लोक कंटाळून उठतील. माझा अंदाज होता की शेवटच्या मॅचला दार उघडणार नाही आणि त्याआधी उघडझाप चालू राहील. प्रत्यक्षात दार गाण्यांना उघडायचं. भुवन क्रिकेटच्या संघासाठी एकेक माणूस गोळा करत हिंडतो त्या भागात ते बंद असायचं. कोंबड्यांच्या मागे धावणारा भुरा झेल घ्यायला येतो, कारण निसटती कोंबडी धरायची त्याला सवय. गोली गोफण फिरवल्यासारखा हात गरगरा फिरवून चेंडू टाकतो. आमच्या प्रेक्षकांत निम्मे लोक शाळूच्या राखणीला माळ्यावर उभं राहून गोफण फिरवलेले! गोलीने हात फिरवला की स्टॉलमधून आवाज यायचा, आणि तो शिट्ट्यांचा नव्हता. माणसं शेजारच्याच्या मांडीवर थाप मारून 'बघ बघ' म्हणायची. आणि कचरा. त्याला संघात घ्यायला गाव तयार नसतं, कारण त्याची जात. त्याचा हात आखडलेला, आणि त्याच हातातून सुटलेला चेंडू वळतो. तिथे थिएटर गप्प व्हायचं.

शेवटचा सिक्सर ही पावती आहे, बाई. सौदा त्याच्या कितीतरी आधी पटलेला असतो. ज्या माणसाकडे काही नाही असं सगळे समजतात, त्याच्याकडचं रोजचं काहीतरी, गोफण म्हणा की वाकडा हात म्हणा, खेळात कामाला येतं. बघणारा मनात म्हणतो, माझ्याकडेही असं काहीतरी आहे. एकदा तो असा आत गेला की मॅचचा निकाल ठाऊक असूनही त्याला फरक पडत नाही, कारण आता तो स्वतः खेळत असतो.

तुमच्या मुली 'चक दे'त गुंतल्या त्याही अशाच. तिथे हॉकी फार थोडी आहे. शिबिराच्या पहिल्या दिवशी मुली आपापल्या राज्याचं नाव सांगतात आणि कोच त्यांना बाजूला काढत जातो, झारखंडच्या मुलींना कुणाची भाषा कळत नाही, मणिपूर-मिझोरामच्या मुलींना आपल्याच देशात लोक पाहुण्या म्हणतात, घरच्यांना हॉकीपेक्षा लग्नाची घाई असते. ही सगळी जमवाजमव बघून झाल्यावर कोमल-प्रीतीचा पास येतो. आणि विश्वचषकात? प्रियांका इंगळेच्या संघातली दुसरी मुलगी कुठून आली, तिला सरावाला कोण सोडायला यायचं, तिच्या पायात काय होतं, हे तुमच्या पोरींना कुणी सांगितलंच नव्हतं. त्यांना फक्त पावती दाखवली गेली, आणि तीही 78-40 अशी एकतर्फी. पुन्हा तो सामना लावाल तेव्हा आधी दोन-तीन खेळाडूंची गोष्ट सांगा आणि मग लावा. पोरी उठणार नाहीत.

आता हे सिनेमे आपल्यापर्यंत पोचतात कसे, त्याबद्दल. डिजिटल म्हटलं की हल्ली सगळ्यांना ओटीटीच आठवतं, पण आमच्याकडे त्याआधी एक डिजिटल येऊन गेलं. 2005 नंतरच्या काळात थिएटरच्या पत्र्यावर डिश बसली, केबिनमध्ये सर्व्हर आला. सिनेमा उपग्रहावरून रात्रीतून उतरायचा आणि किती खेळ चालवायचे त्याची परवानगी किल्लीसारखी वेगळी यायची. एसटीतून उतरणारी पेटी गेली. मुंबईत ज्या शुक्रवारी सिनेमा लागायचा त्याच शुक्रवारी आमच्याकडे. पोरांना याचं किती अप्रूप होतं ते मी दारात उभं राहून पाहिलंय. आधी शहरातला मावसभाऊ सुट्टीत येऊन शेवट सांगून टाकायचा. आता गावची पोरं त्याच्याबरोबरीने बघणार! मागे राहिलेल्यांच्या गोष्टी मागे राहिलेल्या गावातही पहिल्या दिवशी येऊ लागल्या, हे माझ्या मते त्या यंत्राने केलेलं सगळ्यात मोठं काम.

मग मोबाईल आला. मी त्याच्या विरोधात नाही. आमचं थिएटर बंद पडल्यावर या भागात पडदाच राहिला नव्हता, मोबाईल नसता तर कितीतरी सिनेमे इकडे पोचलेच नसते. 'मैदान'चंच घ्या. 1962च्या जकार्ता एशियाडमध्ये कोच रहीमसाहेबांच्या भारतीय संघाने फुटबॉलचं सुवर्ण जिंकलं त्याची गोष्ट. 2024च्या एप्रिलमध्ये थिएटरात लागला आणि फार चालला नाही. आमच्या गल्लीतल्या फुटबॉल खेळणाऱ्या पोरांनी तो नंतर फोनवर बघितला आणि जर्नेल सिंगच्या डोक्याला टाके असताना त्याला पुढे खेळवलं यावर ती दोन दिवस वाद घालत होती. 2025 मध्ये आमिर खानने 'सितारे जमीन पर' 20 जूनला थिएटरात आणला आणि ओटीटीला न देता 1 ऑगस्टला सरळ यूट्यूबवर ठेवला, 100 रुपये भाडं. वर्षाचं सभासदत्व नको, एक सिनेमा, एक भाडं, अख्खं घर बघणार. ज्याच्याकडे कुठलंच ॲप नाही त्याच्याकडेही यूट्यूब असतंच. बास्केटबॉलच्या त्या टीममधली दहा जणं खरोखरीची विशेष मुलं-माणसं आहेत, त्यांना पैशाच्या कुंपणाबाहेर ठेवलं नाही, हे मला मनापासून आवडलं.

पण मोबाईलवर एक नुकसान होतं आणि ते मी घरातच रोज बघतो. नातू सिनेमा लावतो आणि बोटाने पुढे ढकलतो. ढकलतो तो नेमका जमवाजमवीचा भाग. थेट फायनलवर येतो, सिक्सर बघतो, 'भारी आहे' म्हणतो आणि दुसरं काहीतरी लावतो. 'चक दे'तलं 'सत्तर मिनिट'वालं भाषण त्याला तोंडपाठ आहे, पण ते ज्या मुलींना उद्देशून आहे त्यातल्या एकीचंही नाव त्याला सांगता येत नाही. तुमच्या शिबिरात एक लॅपटॉप होता, तो तुमच्या ताब्यात होता आणि मुली खांद्याला खांदा लावून बसल्या होत्या. पुढे ढकलायची सोय नव्हती. शेजारी जिच्याशी भांडण आहे ती बसलेली. त्या दोघींनी माना खाली घातल्या त्या बाकीच्या बघत होत्या म्हणून. एकटीने उशीखाली फोन धरून बघितला असता तर असं झालं नसतं. म्हणून हॉलमध्ये दाखवा, सगळ्यांना एकत्र बसवून दाखवा, आणि रिमोट कुणाच्या हाती देऊ नका.

कोणता दाखवायचा म्हणाल तर तुमच्या तालुक्यात आणि त्या तारखेला माझं मत 'चंदू चॅम्पियन'. मुरलीकांत पेटकर तुमच्याच पेठचे. 1965च्या युद्धात गोळ्या लागल्या, कमरेखालचं अंग गेलं, आणि 1972 मध्ये जर्मनीत हायडेलबर्गच्या पॅरालिंपिकमध्ये 50 मीटर पोहण्यात सुवर्णपदक, तेही विश्वविक्रमाची वेळ नोंदवून. 2018 मध्ये पद्मश्री मिळेपर्यंत आपल्या जिल्ह्यातल्या किती जणांना ते नाव माहीत होतं? सिनेमात छोटा मुरली स्टेशनवर खाशाबांचं स्वागत बघतो आणि तिथे त्याच्या डोक्यात ऑलिंपिकचं पदक शिरतं. खाशाबांच्या जयंतीला याहून जवळची गोष्ट कोणती आणणार? इथे संघ नाही, माणूस एकटा आहे. पण जमवाजमव आहेच. कुस्ती हातची जाते, मग बॉक्सिंग जातं, मग उरलेल्या दोन हातांवर तो पोहणं शिकतो. लढाईचे प्रसंग आहेत, तेवढे आधी एकदा बघून घ्या.

सीताबर्डी

नागपूरकर म्हणून 'झुंड'बद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. केबिनवाले काका म्हणतात ती जमवाजमव शेवटपर्यंत ताणलेला सिनेमा मी दुसरा पाहिलेला नाही.

सिनेमा ज्यांच्यावर आहे ते विजय बारसे सर हिस्लॉप कॉलेजात क्रीडाशिक्षक होते. पावसात झोपडपट्टीतली पोरं फुटकी बादली लाथाडत खेळताना त्यांना दिसली आणि त्यातून झोपडपट्टी फुटबॉल सुरू झालं, ही गोष्ट आमच्याकडे सगळ्यांना माहीत आहे. नागराज मंजुळेंनी टीममधली पोरं इथलीच घेतली. टीममधल्या डॉन नावाच्या पोराचं काम केलेल्या अंकुश गेडामला पुढे पदार्पणाचं फिल्मफेअर मिळालं. पण मला जो भाग सगळ्यात खरा वाटतो त्यात चेंडूच नाही. टीमला परदेशी जायचंय आणि पासपोर्ट हवाय. रिंकू राजगुरूने केलेली मोनिका गोंड वस्तीतली. ती आणि तिचे वडील 'आम्ही आम्हीच आहोत' हे सिद्ध करणारा एक कागद मिळवायला दारोदार फिरतात. या कार्यालयातून त्या कार्यालयात, या साहेबाकडून त्या साहेबाकडे. मी ज्या भागात राहते तिथे अशी माणसं रोज सेतू केंद्राच्या रांगेत उभी असतात. परदेशातली स्पर्धा सिनेमात जवळजवळ नाहीच. विमानतळावरच्या तपासणीच्या चौकटीतून डॉन पलीकडे जातो की नाही, हीच फायनल.

आणि हा सिनेमा लोकांपर्यंत पोचायला किती अडथळे आले! 2020 मध्ये तो थेट ओटीटीवर यायचा होता. त्यातल्या एका खेळाडूच्या जीवनकथेच्या हक्कावरून हैदराबादच्या एका निर्मात्याने दावा लावला, तेलंगणा उच्च न्यायालयाने स्थगिती दिली आणि नोव्हेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती उठवली नाही. शेवटी 4 मार्च 2022 ला तो थिएटरात आला. मेमध्ये ओटीटीवर यायच्या तोंडावर पुन्हा स्थगिती, पुन्हा सर्वोच्च न्यायालय, आणि या वेळी परवानगी मिळाली. 6 मेला तो ओटीटीवर आला तेव्हा आमच्या गल्लीत एका घरच्या टीव्हीसमोर दारापर्यंत माणसं बसली होती. खऱ्या माणसावरचा सिनेमा म्हटला की कथा कुणाची आणि ती विकायचा हक्क कुणाचा, हे आधी कागदावर पक्कं करावं लागतं. गरिबाच्या कथेचे तर एकाहून जास्त मालक निघतात, आणि त्या भांडणात ज्याची ती कथा आहे तो कुठेच नसतो. याचं मला फार वाईट वाटलं होतं.

मॅडम, शाळेत दाखवायचा तर दोन संध्याकाळी दाखवा, तीन तासांचा आहे. कॉलेजच्या टीमशी सामना संपतो तिथे पहिल्या दिवशी थांबता येईल. भाषा वस्तीतली आहे, शिव्या आहेत, नववी-दहावीला ठीक.

डावा_कोपरा

मी कबड्डी खेळलोय, जिल्ह्यापर्यंत. वरच्या सगळ्यांचं वाचलं आणि एक गोष्ट मला खटकते ती स्पष्ट लिहितो. या सिनेमांत पोरांना उचलायला बाहेरून कुणीतरी यावं लागतं. मोठा नट कोच होऊन येतो आणि मग पोरांचं भलं होतं. आमच्याकडे असा कुणी आला नाही. आमचे कोच दिवसा साखर कारखान्यात कामाला जायचे आणि संध्याकाळी स्वतःच्या खिशातून चुना आणून लाइन मारायचे. त्यांच्यावर कॅमेरा जात नाही. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा स्वप्नील कुसाळे रेल्वेत टीसी होता. 1 ऑगस्ट 2024 ला पॅरिसला रायफलमध्ये ब्राँझ आणलं, खाशाबांच्या 1952च्या पदकानंतर महाराष्ट्राच्या खेळाडूचं हेच वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्यानंतर सप्टेंबरच्या सुरुवातीला आटपाडीजवळच्या करगणीच्या सचिन खिलारीने पॅरालिंपिकमध्ये गोळाफेकीत रौप्य आणलं, 16.32 मीटर. नेमका त्याच ऑगस्टमध्ये 'चंदू चॅम्पियन' फोनवर आला होता आणि आमच्या तालमीतली पोरं तोच बघत होती. मी म्हणतो, बाई, सिनेमा दाखवा, पण त्याच दिवशी या दोघांचा खेळही दाखवा. दहा मिनिटं पुरतील. नाहीतर पोरी कोच यायची वाट बघत बसतील.

केबिनवाला

डावा कोपरा, तुमचं म्हणणं पटतं. थिएटरच्या गल्ल्याचा हिशोबही तेच सांगायचा. पोस्टरवर मोठं नाव असल्याशिवाय पहिल्या शुक्रवारी खिडकीवर रांग लागत नाही, म्हणून कोचची भूमिका मोठी होते. 'झुंड'च्या पोस्टरवर अमिताभ नसता तर माझ्या मालकाने तो लावला असता का, सांगता येत नाही. ओटीटीवर हे थोडं बदलेल अशी मला आशा आहे, कारण तिथे खिडकीवरची रांग नाही. तुमच्या कारखान्यातल्या कोचवर कुणीतरी सिनेमा करावा, आणि त्यात ते चुन्याची पाटी डोक्यावर घेऊन मैदानावर येतात तिथपासून सुरुवात करावी. खाशाबांच्या गोष्टीतही असा एक माणूस आहे. ऑलिंपिकसाठी हेलसिंकीला जायला पैसे कमी पडले तेव्हा राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण ठेवलं. त्यांनी खाशाबांना कुस्ती शिकवली नाही, भाषण दिलं नाही, फक्त घर ठेवलं. बाई, सिनेमाआधी तुम्ही दोन मिनिटं बोलणार असाल तर खर्डेकर सरांबद्दल बोला. समोर पालक बसलेले असतील, त्यांनी हे ऐकायला हवं.

रानवारा

सगळ्यांचे मनापासून आभार. हेडसरांना पूर्ण चर्चा वाचून दाखवली. 'चंदू चॅम्पियन' ठरला. निर्मात्यांना लेटरहेडवर मेल आजच गेला, उत्तर वेळेत आलं नाही तर 'लगान'ची डीव्हीडी लावू, ती ग्रंथालयाच्या कपाटात आहे. सिनेमाच्या आधी कुसाळे आणि खिलारी यांच्याबद्दल माझ्या संघातल्याच दोघी सांगणार आहेत. कोणत्या दोघी ते तुम्ही ओळखलं असेल. तयारी एकत्र करा म्हटलंय.

'झुंड' मार्चमध्ये, दहावीची परीक्षा झाल्यावर, मोठ्या मुलांसाठी. सीताबर्डी ताई, तेव्हा पुन्हा विचारीन.

तारजोड दादा, एक राहिलं. हॉलची भिंत पिवळट रंगाची आहे आणि वर सुविचार लिहिलेत. पांढरी चादर लावली तर चालेल का? वारा आला की हलते.

तारजोड

चादर नको, मागचा सुविचार आरपार दिसेल. फ्लेक्सवाल्याकडून कोरा पांढरा फ्लेक्स घ्या, बारा बाय आठचा. चकचकीत बाजू मागे, मॅट बाजू पुढे. चारही कडांना रिंगा मारून घ्या आणि खाली बांबू बांधा, म्हणजे वाऱ्याने हलणार नाही. प्रोजेक्टर आणि स्पीकर आदल्या संध्याकाळी लावून दहा मिनिटं चालवून बघा, खिडक्या बंद करून. काही अडलं तर इथेच लिहा, मी रात्री असतो.